पट्टी आधी, पंचायत मागाहून



तलाठ्याकडून आपल्या खात्याचा ८-अ चा उतारा आणा आणि एकदा नीट वाचा. गट नंबर, क्षेत्र, आकार हे सगळे पाठ आहे. त्याच्या शेजारी 'स्थानिक कर' म्हणून एक रकाना असतो. त्यात जिल्हा परिषदेचा उपकर आणि ग्रामपंचायतीचा उपकर लिहिलेला असतो. रक्कम किरकोळ असते. आज त्या पैशात चहासुद्धा येणार नाही, म्हणून कुणी तिकडे बघत नाही. पण या रकान्याची जन्मकथा ज्याला कळली त्याला आपल्या देशातल्या स्थानिक राज्यकारभाराची सगळी मेख कळली. गावाने गावाचा कारभार करावा म्हणून ही व्यवस्था जन्माला आली असे शाळेत शिकवतात. जन्माचा दाखला मात्र काही वेगळेच सांगतो.

भाव गेला, पट्टी राहिली

१८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले. तिथला कापूस लँकेशायरच्या गिरण्यांना मिळेना. मग इंग्रजाला खानदेश, वऱ्हाड, धारवाडच्या कापसाची आठवण झाली. भाव चढले. आपल्या आज्यापणज्यांच्या हातात पहिल्यांदा चार चांदीचे रुपये खुळखुळले. सरकारने ते लगेच हेरले. मुंबई इलाख्यात १८६३ पासून शेतसाऱ्याच्या प्रत्येक रुपयावर एक आणा जादा पट्टी बसवायला सुरुवात झाली. तिचे नाव लोकल फंड. १८६९ साली मुंबई सरकारने कायदा करून तिला पक्के केले. पट्टी आधी वसूल झाली, कायदा मागाहून आला.

एक आणा म्हणजे रुपयाचा सोळावा हिस्सा. त्यातले दोन भाग रस्त्यांना आणि एक भाग शाळांना, असा साधारण हिशेब होता. रस्ते, शाळा, विहिरी, धर्मशाळा, दवाखाने यांसाठी सरकारच्या तिजोरीतून पैसा काढण्याऐवजी तो शेतकऱ्याकडूनच वेगळा घ्यायचा, ही युक्ती.

१८६५ साली अमेरिकेतले युद्ध संपले. कापसाचे भाव कोसळले. मुंबईच्या पेढ्या बुडाल्या, सावकारांनी खेड्यात तगादे लावले, आणि दहा वर्षांत, १८७५ साली, पुणे जिल्ह्यातल्या सुप्यापासून सावकारांचे दस्तऐवज जाळण्याचे दंगे सुरू झाले. भाव आला तसा गेला. त्याच्या जोरावर आलेली पट्टी मात्र गेली नाही. भाव पाहुणा आणि पट्टी घरजावई, हा न्याय तेव्हापासून चालत आला आहे.

इंग्रजाला ही युक्ती सुचली कशी, हेही पाहिले पाहिजे. १८५७ चा उठाव मोडून काढताना सरकारची तिजोरी रिकामी झाली होती. १८६० साली इन्कम टॅक्स आणून पाहिला, तो शहरातल्या पैसेवाल्यांना रुचला नाही. मग १८७० साली लॉर्ड मेयोने ठराव करून पोलीस, तुरुंग, शाळा, दवाखाने, रस्ते ही खाती प्रांतांच्या गळ्यात बांधली आणि खर्चाला कमी पडेल तो पैसा स्थानिक करांतून उभा करा असे सांगितले. विकेंद्रीकरण विकेंद्रीकरण म्हणतात ते हे. कारभाराचे ओझे खाली सरकले, अधिकार जागच्या जागी राहिला. थोरल्याने वाटणीत बैल स्वतःकडे ठेवावेत आणि कर्ज धाकट्याच्या नावावर करून द्यावे, तसला हा प्रकार.

समितीत कोण बसले?

पैसा शेतकऱ्याचा, तेव्हा खर्च कुणी ठरवायचा? १८६९ च्या कायद्याने जिल्ह्याला एक आणि तालुक्याला एक अशा लोकल फंड समित्या झाल्या. नाशिक जिल्ह्याच्या समितीत कलेक्टर, त्याचे असिस्टंट आणि डेप्युटी, बांधकाम खात्याचा इंजिनियर आणि शिक्षण खात्याचा अधिकारी असत. बिनसरकारी माणसे म्हणून एक इनामदार आणि सहा जमीनधारक. तालुक्याच्या समितीतही तोच नमुना: साहेब, मामलेदार, एक इनामदार, तीन जमीनधारक. या जमीनधारकांना कुणी निवडून दिले नव्हते. ते साहेबाने नेमलेले. साहेबाने नेमलेला माणूस साहेबापुढे काय बोलणार? हातात पागोटे आणि तोंडात 'जी हुजूर'.

रस्ते झाले, नाही असे नाही. पण ते कुठून कुठे गेले? रेल्वेच्या स्टेशनाकडे, पेठेकडे, जिनाकडे. गावातून माल बाहेर जाण्यासाठी रस्ता झाला. शिवारातून गावात यायला पावसाळ्यात चिखलच राहिला. महात्मा फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड'मध्ये या लोकल फंडाचे आणि म्युनिसिपालटीच्या जकातीचे वाभाडे काढले आहेत. १८८२ साली हंटर कमिशनपुढेही त्यांनी हेच मांडले की पैसा कष्टकरी रयतेचा आणि शिक्षण वरच्या वर्गांच्या पोरांना, हा उलटा व्यवहार आहे. जोतीराव स्वतः १८७६ ते १८८२ पुण्याच्या म्युनिसिपालटीत सभासद होते. कारभार आत बसून पाहिलेल्या माणसाची ही साक्ष आहे.

त्याच १८८२ सालच्या मे महिन्यात लॉर्ड रिपनचा ठराव आला. लोकांना राज्यकारभाराचे शिक्षण मिळावे म्हणून स्थानिक मंडळे हवीत, असे त्यात म्हटले होते. त्यातून १८८४ साली मुंबई इलाख्यात जिल्हा आणि तालुका लोकल बोर्डे झाली. निवडणूक आली, पण मत कुणाला? इनामदाराला, ठरावीक सारा भरणाऱ्याला, मालमत्ता असणाऱ्याला. कुळे, सालदार आणि शेतमजूर बाहेर. अध्यक्षपदी कलेक्टर, ही पद्धत पुढेही कित्येक वर्षे चालली. मास्तर वर्गातून हलायला तयार नाही आणि पोराला म्हणतो, तू स्वतंत्रपणे शिक!

त्याआधी गावात सगळे गोडगुलाबी होते असे मात्र कुणी समजू नये. एल्फिन्स्टनने १८१९ च्या अहवालात गाव म्हणजे एक लहानसे राज्यच असे वर्णन केले, पण त्या राज्यात महाराच्या वाट्याला वेठ होती आणि बाईच्या वाट्याला मुकाटपणा. फरक इतकाच, की पाटलाला तोंड दाखवायचे होते ते गावाला. गोतसभेत त्याला जाब विचारता येत होता. इंग्रजाने वतनाचे कायदे करून पाटील-कुलकर्ण्यांना पगारी चाकर केले, आणि त्यांचे तोंड गावाकडून कचेरीकडे वळले. ते आजतागायत तिकडेच आहे.

पेठचे काय झाले?

आता नाशिकहून सावळघाट ओलांडून पेठला चला. तिथे ना आपला कापूस, ना आपली ज्वारी. नागली, वरई, भात आणि जंगल. महादेव कोळी, कोकणा, वारली यांचा मुलूख. कापूसवाल्याला पेठची गोष्ट कशाला, असे कुणी म्हणेल. सांगतो.

पेठ हे एकेकाळी छोटेसे संस्थान होते. १८५७ च्या डिसेंबरात त्र्यंबक, हरसूल, पेठ या पट्ट्यात कोळी, भिल्ल, ठाकर उठले. हरसूलचा बाजार लुटला गेला. इंग्रजाने उठाव मोडला आणि पेठच्या गादीवर हक्क सांगणाऱ्या भगवंतरावाला फासावर चढवले. पुढे गादीचे नाव बेगमेकडे आणि कारभार इंग्रज अधिकाऱ्याच्या हातात, अशी वीस वर्षे गेली. १८७८ साली बेगम वारली आणि संस्थान खालसा होऊन नाशिक जिल्ह्याचा एक तालुका झाले.

त्याच १८७८ साली हिंदुस्थान सरकारचा जंगलाचा कायदा झाला. ज्या जंगलात पिढ्यान् पिढ्या राब जाळून नागली पिकवली, त्यावर राखीव जंगलाचा शिक्का बसला. सरपण, डिंक, मोह, चराई, सगळे गार्डाच्या मर्जीवर. म्हणजे पेठच्या माणसाला राजा गेल्याबद्दल काय मिळाले? मामलेदार, फॉरेस्ट गार्ड आणि साऱ्यावर एक आण्याची पट्टी. सभा नाही, मत नाही, विचारणा नाही. आपल्याकडे निदान इनामदाराच्या निमित्ताने शेतीवाला समितीत बसला. पेठच्या नागलीवाल्याला दारही माहीत नव्हते.

तंबाखूचा भाव ठरवणारी सभा

इंग्रजाला लोकांची सभा भरवणे ठाऊक नव्हते, असे नाही. त्याने अमेरिकेत वसाहत केली तेव्हा व्हर्जिनियातल्या जेम्सटाउनला १६१९ च्या जुलैअखेर वसाहतवाल्यांच्या निवडक प्रतिनिधींची सभा भरली. अमेरिकेतली ही पहिली विधानसभा मानतात. या सभेने सुरुवातीलाच काय केले? तंबाखूचा भाव ठरवला. चांगला माल पौंडाला तीन शिलिंग, हलका माल अठरा पेन्स. तंबाखू हे त्या वसाहतीचे नगदी पीक, जसा आपला कापूस. पिकवणाऱ्याच्या हातात सभा आली की तो पहिल्यांदा आपल्या पिकाच्या भावाचे बोलतो. त्याला ते कुणी शिकवावे लागत नाही.

या गोष्टीला दुसरी बाजू आहे आणि ती झाकून ठेवणे बरोबर नाही. सभा भरली त्याच वर्षी, महिनाभराच्या आत, आफ्रिकेतून पकडून आणलेली विसेक माणसे जहाजाने व्हर्जिनियाला आली आणि धान्याच्या मोबदल्यात विकली गेली. ज्या जमिनीवर तंबाखू डोलत होता ती जमीन पोव्हाटन आदिवासींची. त्यांना सभेत जागा नव्हती, आफ्रिकेच्या माणसाला तर नव्हतीच. सभा होती, पण ती ज्यांच्या पाठीवर उभी होती त्यांना सोडून होती. दीडशे वर्षांनी हेच वसाहतवाले आपल्या राजाला म्हणाले, प्रतिनिधी नाही तर पट्टी नाही. राजाला सांगितलेला न्याय स्वतःच्या मळ्यात मात्र त्यांनी लावला नाही. हा मुद्दा ध्यानात ठेवा. पुढे लागणार आहे.

कापसाचा बाजार, कापूसवाला बाहेर

व्हर्जिनियात पिकवणाऱ्याने भाव ठरवला. आपल्याकडे काय झाले? १८८६ साली वऱ्हाडात कारंजा येथे कापसाचा पहिला नियंत्रित बाजार सुरू झाला. १८९७ साली वऱ्हाडच्या कापूस आणि धान्य बाजारांचा कायदा आला. बाजारावर कमिटी नेमली: दोन माणसे म्युनिसिपालटीची आणि तीन व्यापाऱ्यांची. पिकवणारा एकही नाही. कापूस कुणाचा? शेतकऱ्याचा. काटा कुणाचा? दलालाचा. कमिटी कुणाची? घेणाऱ्याची. विकणाऱ्याने बाजाराबाहेर बैलांना वैरण टाकत बसायचे. मुंबई इलाख्यात कापूस बाजाराच्या कमिटीत शेतकऱ्याला खुर्ची मिळायला १९२७ चा कायदा यावा लागला.

म्हणजे लोकल बोर्डाला रस्त्यावर खडी टाकता येत होती, शाळेला कौले घालता येत होती, पण कापसाच्या भावाचे बोलता येत नव्हते. ज्या प्रश्नावर शेतकऱ्याचा जगण्यामरण्याचा हिशेब, तो प्रश्न स्थानिक नाही, असे ठरवून टाकले होते. भांडा बाबांनो, पण पाणवठ्याच्या जागेवरून भांडा, मास्तरच्या बदलीवरून भांडा. गावात दोन तट करा. भाव, सारा आणि कर्ज या गोष्टी वर ठरतील. आपल्या गावकीच्या राजकारणाला जी सवय लागली ती इथे लागली. आजही ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत डोकी फुटतात आणि कापसाच्या भावाचे एक वाक्य जाहीरनाम्यात नसते.

कलेक्टर ते प्रशासक

इंग्रज गेला. बलवंतराय मेहता समिती १९५७ साली झाली, महाराष्ट्रात वसंतराव नाईक समिती झाली आणि १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा आल्या. १९९३ च्या एप्रिलपासून ७३ वी घटनादुरुस्ती लागू झाली. दर पाच वर्षांनी निवडणूक, ग्रामसभेला घटनेत जागा, बायकांना राखीव जागा. हे सगळे चांगलेच झाले. बाई सरपंचाच्या खुर्चीवर बसली, ही इंग्रजाच्या काळात स्वप्नातही न येणारी गोष्ट आहे.

पण जुने खोड जात नाही. २०२२ च्या मार्चमध्ये राज्यातल्या बहुतेक जिल्हा परिषदांची आणि पंचायत समित्यांची मुदत संपली. नाशिकची त्यातच. निवडणूक आरक्षणाच्या आणि गटरचनेच्या कोर्टकज्जात अडकली. तीन वर्षे उलटली तरी मतपेटी आली नाही. शेवटी २०२५ च्या मे महिन्यात सुप्रीम कोर्टाला सांगावे लागले की निवडणुका घ्या. तोवर कारभार कुणाकडे? प्रशासक म्हणून बसवलेल्या अधिकाऱ्यांकडे. १८६९ साली कलेक्टर आणि २०२२ साली प्रशासक. मधल्या दीडशे वर्षांत खुर्चीचे फक्त कापड बदलले. उपकर मात्र एक दिवसही थांबला नाही. जिल्हा परिषदेत तुमचा एकही माणूस नसताना ८-अ वरचा तो रकाना रिकामा राहिला होता का? तपासून पाहा.

आणि विरोधातले पुढारी कुठे होते? ते तिकिटाच्या रांगेत उभे होते. प्रशासक हटवा म्हणून गावोगाव रान उठायला हवे होते. उठले नाही, कारण खड्डे आणि बदल्यांपलीकडे या संस्थांत काही आहे असे आपल्यालाच वाटेनासे झाले आहे. वाटेनासे व्हावे अशीच त्यांची मूळ घडण होती.

नार-पारचे पाणी आणि पेठची ग्रामसभा

आता मघाचा मुद्दा. ऑगस्ट २०२४ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने नार-पार-गिरणा नदीजोड प्रकल्पाला मान्यता दिली. खर्च सात हजार कोटींच्या घरात. सुरगाणा-पेठच्या डोंगरातून पश्चिमेला, समुद्राकडे जाणारे पाणी धरणांत अडवायचे, उचलायचे आणि गिरणेच्या खोऱ्यात टाकायचे. मालेगावपासून चाळीसगाव, भडगावपर्यंतच्या कापूसवाल्याचे डोळे या पाण्याकडे लागले आहेत. का लागू नयेत? एका पावसाने दगा दिला की बोंडे गळतात आणि कर्ज फिरते. कोरडवाहू शेतकऱ्याला पाणी हवेच.

पण पेठची गोष्ट ऐका. पावसाळ्यात तिथे धो धो कोसळते आणि चैत्रात बायाबापड्या हंडा घेऊन झऱ्यापाशी रात्र काढतात. धरण उशाला आणि कोरड घशाला ही म्हण त्यांच्यासाठीच निघाली असावी. धरण होणार त्यांच्या दाराशी, जमीन जाणार त्यांची, पाणी चढणार घाटावर आपल्याकडे. त्यांना कुणी विचारायचे?

कायदा सांगतो, ग्रामसभेला विचारा. पेठ तालुका घटनेच्या पाचव्या अनुसूचीत आहे. १९९६ च्या पेसा कायद्याने तिथल्या ग्रामसभेला जमीन, पाणी, गौण वनोपज यांवर बोलण्याचा हक्क दिला. २०१३ च्या भूसंपादन कायद्याने अशा भागात जमीन घेण्याआधी ग्रामसभेची संमती मागितली. २०१५ पासून आदिवासी उपयोजनेतला पाच टक्के निधी थेट ग्रामसभेच्या कोषात द्यायचे ठरले. १८७८ साली ज्यांना कुणी विचारले नव्हते, त्यांना विचारल्याशिवाय पुढे जाऊ नये, एवढे या कायद्यांचे सार आहे. पण ग्रामसभा कागदावर भरते, सह्या घरोघर फिरून गोळा होतात आणि ठराव कचेरीत लिहून तयार असतो, ही लबाडीही आपल्याला चांगली माहीत आहे.

इथे आपली परीक्षा आहे. आपल्याला पाणी हवे म्हणून पेठच्या ग्रामसभेकडे काणाडोळा करायचा का? तसे केले तर आपल्यात आणि तंबाखूचा भाव ठरवून आदिवासींची जमीन नांगरणाऱ्या त्या जेम्सटाउनवाल्यांत फरक काय राहिला? आज पेठला न विचारता पाणी उचलणारे सरकार उद्या आपल्याला न विचारता समृद्धीच्या नावाने रस्ता शेतातून नेईल. तेव्हा कुठल्या तोंडाने बोलणार? न विचारण्याची सवय सरकारला एकदा लावली, की ती कुणाच्या बांधापाशी थांबत नाही.

असे म्हणणारे भेटतील, की आदिवासींना विचारत बसलो तर पन्नास वर्षे पाणी येणार नाही. खरे उलट आहे. ज्याला विचारले नाही तोच आडवा पडतो. ज्याला आधी त्याच्या गावाला पाणी, त्याच्या नागलीला ओल, त्याच्या जमिनीचा पुरा मोबदला आणि सभेत खरी जागा मिळाली, तो कशाला आडवा येईल? शेतकरी शेतकऱ्याशी बोलला तर तडजोड एका बैठकीत होते. मधे ठेकेदार आणि पुढारी आले की पिढ्या जातात.

जिल्हा बैठकीपुढे

तेव्हा या बैठकीत तीन गोष्टी ठरवाव्यात असे सुचवावेसे वाटते.

पहिली: येत्या ग्रामसभेत प्रत्येक गावाने विचारावे की आमच्या सारा-उपकराचे गेल्या पाच वर्षांचे किती रुपये जमा झाले आणि कुठे गेले. रक्कम लहान असेल, पण हिशेब मागण्याची सवय मोठी आहे. उत्तर लेखी घ्यावे.

दुसरी: मुदत संपलेल्या संस्थेवर प्रशासक बसवून तो वर्षानुवर्षे चालवला तर त्या काळाचा स्थानिक उपकर कुठल्या हक्काने मागता, असा ठराव प्रत्येक तालुक्यातून जावा. प्रतिनिधी नाही तर पट्टी नाही, हे अमेरिकेतल्या तंबाखूवाल्याला कळले होते. कापूसवाल्याला का कळू नये?

तिसरी: गिरणा खोऱ्यातल्या गावांनी आपली माणसे पेठ-सुरगाण्याला पाठवावीत. मंत्र्याच्या गाडीतून नव्हे, एस.टी.ने. तिथल्या ग्रामसभेत जमिनीवर बसावे, त्यांचे ऐकावे, आपले सांगावे. आधी त्यांच्या गावाचे पाणी, मग आपले, हे आपल्या तोंडाने कबूल करावे आणि तसा जोडठराव दोन्हीकडच्या ग्रामसभांनी करावा. सरकारला हा ठराव फार जड जाईल. कारण गेली दीडशे वर्षे घाटावरचा आणि घाटाखालचा शेतकरी एकमेकांशी सरळ बोललेला नाही. त्याचे बोलणे कायम कचेरीमार्फत झाले आहे.

इंग्रजाने आपल्याला आधी पट्टी दिली आणि मागाहून पंचायत दिली. ती पंचायत त्याच्या सोयीची होती. तिला आपल्या सोयीची करणे कायद्याने आज शक्य आहे. कुणी येऊन करून देणार नाही, एवढेच.